परातीतला समुद्र

माझी वहिनी पट्टीची थापाडी होती, आणि ती तशी होती म्हणूनच आमच्या घरात करमायचं, असं माझं ठाम मत आहे. सांगलीजवळ कृष्णाकाठी आमची शेती. दादा पलटणीत, तेव्हा लढाईवर गेलेला. वहिनीचं माहेर मेढ्याचं, म्हणजे चहूकडून डोंगर. समुद्र पाहिलेला आमच्या घरात एकटा दादाच. तरी संध्याकाळी चुलीपुढं बसून आम्हा पोरींना समुद्राच्या गोष्टी सांगायची ती वहिनी. तो समुद्र आपल्या दुनियेतला नव्हेच. त्या देशात चंद्र नाही, कंदील नाही; उजेड पाण्यातूनच वर येतो. माणसं भांडली की पाणी लालबुंद होतं, समजूत पटली की पिवळंधमक. तिथल्या राजालाही राणीशी झालेलं भांडण लपवता येत नाही, किनाऱ्यावरून सगळ्या गावाला कळतं.

आत्या भिंतीकडं तोंड करून तांदूळ निवडायची आणि ऐकत नसल्याचं सोंग आणायची. ही वडिलांची थोरली बहीण. लग्नानंतर वर्षभरात विधवा होऊन माहेरी आली आणि तेव्हापासून घर तिच्या हुकमात चाललं. वहिनी गोष्ट अर्धी टाकून उठली की तीच खेकसायची, "आगं मग फुडं काय झालं? राजा मेला का जगला?"

लढाई संपली, दादा धडधाकट परत आला, आणि पुढं त्याला मुंबईला समुद्राकाठी क्वार्टर मिळाली. वहिनीला घेऊन जातो म्हणाला. आत्यानं साफ नकार दिला. "सून गेल्यावर गौरी कोन बसवनार? पलटणीत काय बायका न्हेत्यात व्हय?" आत्याचं न्हाई म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. तिच्यापुढं वडिलांचंही चालायचं नाही. वहिनी रडली नाही, पण तिनं गोष्टी बंद केल्या. घर खायला उठलं.

मग गौरी आल्या. त्यांच्यापुढची आरास दरवर्षी वहिनीच करायची. त्या वर्षी तिनं पितळेची मोठी परात मांडली, पाण्यात घरची हळद कालवली आणि करवंट्यांतले दिवे वर तरंगत सोडले. पाणी असं उजळलं की हळदीकुंकवाला आलेल्या बाया दारातच थबकल्या. वहिनीनं वडिलांच्या चंचीतला पानाचा चुना विरघळवून परातीत ओतला. बघता बघता सगळं पाणी लाल. हळदीत चुना पडला की लाल होतं, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण दिव्यांच्या उजेडात ते होताना बघून आम्ही पोरी किंचाळलोच.

"घरात भांडान हाय, म्हनून समिंदर लाल झालाय," वहिनी सगळ्यांदेखत म्हणाली. बाया पदराआड हसायला लागल्या.

आत्या लांब, दाराशी बसली होती. पांढऱ्या कपाळाची बाई. हळदीकुंकवात पुढं यायची नाही, हळदीला बोट लावायची नाही. वहिनी कापलेली लिंबं घेऊन तिच्यापुढं गेली. "आवं आत्याबाई, लिंबू पडलं की पुन्ना पिवळा हुतोय. तुमीच पिळा."

"मी? आगं हळद हाय ती. मला चालत न्हाई."

"हितं चालत न्हाई. त्या देशात चालतंय."

आई माझा दंड धरून उभी होती. आत्या उठली. लिंबं पिळली, आणि पिळून थांबली नाही. कोपरापर्यंत हात घालून सगळा समुद्र ढवळला. पाणी पिवळं झालं, करवंट्या हिंदकळल्या, एक दिवा विझला आणि आत्या खुदकन हसली. तिला तसं हसताना मी पहिल्यांदाच पाहत होते. मला इतका आनंद झाला की मी उगाचच टाळ्या पिटत सुटले.

ओले पिवळे हात तसेच ठेवून आत्या वहिनीकडं वळली. "जा समिंदरावर. गौरीला मातूर यायचं. आन् येक आईक. त्यो खरा समिंदर आसा नसला, तर मला सांगू नगंस."

वहिनी गेली. दर गौरीला आली की आत्या तिला आधी जवळ बसवून घ्यायची, आणि वहिनी तिला पोटभर थापा मारायची. खरा समुद्र रोज बघणारा दादा शेजारी बसून गंभीरपणे मान डोलवायचा.