झऱ्यावरची माती

वेल्सच्या कोळसाखोऱ्यांच्या इतिहासावर मी उमेदीची वर्षं घालवली, तीही सांगलीच्या कॉलेजात बसून. खाणकामगारांची मजुरी, त्यांची प्रार्थनाघरं, संप. एक प्रकरण मी दरवर्षी शिकवतो. तिथे खाणीतला राडारोडा डोंगरावर रचत आणि खाली वस्ती असे. झऱ्यावर रचलेला ढीग आतून भिजत जातो आणि एखाद्या दिवशी चालायला लागतो. मुलं विचारतात, "सर, हे परीक्षेला येतं का?"

मेढ्याच्या वरच्या अंगाला आमची वाडी. थोरली बहीण तिथेच राहते. धाकट्या भावाचे डंपर घाटरस्त्याच्या रुंदीकरणावर आहेत. कापलेली माती लांब नेणं परवडत नाही, म्हणून तो ती वाडीच्या डोक्यावरच्या घळीत ओततो. घळीत जुना झरा आहे.

उन्हाळ्यात गेलो तेव्हा आक्काने तांब्या पुढे केला. पाणी चहासारखं.

"झरा आटला रं. आन् आता चुलीमागच्या भिंतीतनं ह्ये येतंय. तू त्या इंग्रजांचं डोंगूर वाचतोस न्हवं? मग सांग की, ह्ये काय हाय?"

"इंग्रज नव्हेत, वेल्श."

"व्हय बाबा, चुकलंच माजं. घर पडल्यावर इचारीन, डोंगूर कुणाचा ते."

भाऊ पायरीवर होता. हसून म्हणाला, "आक्के, पाणी न्हाई म्हणून रडायचीस, आता घरात आलं तरी रडतीस."

मग त्याने माझ्याकडे पाहिलं. आईचं आजारपण त्याने एकट्याने काढलं होतं; मी तेव्हा प्रबंधाचे पुरावे जुळवत होतो. त्याच्यासमोर तोंड उघडायची माझी हिंमत झाली नाही. मी आमच्या धंद्यातली पळवाट धरली. म्हणालो, "एकाच घरावरून काही ठरवता येत नाही. बाकीच्यांकडे येतंय का, ते बघ."

आक्काने ते खरं मानलं. ती घरोघर विचारत फिरली. काल तिचा फोन आला: "खालच्या आळीत समद्यांच्या भिंती वल्ल्या हायती. म्हातारी माणसं म्हंत्यात, रातीला डोंगूर कुरकुरतोय. झाला का तुजा पुरावा?"

आज सकाळी पोचलो. आभाळ भरून आलेलं, घळीत डंपर रिकामा होत होता. भाऊ कामावरून जेवायला आला, तेव्हा दोघांसमोर सांगितलं, "ही माती खाली येणार. पावसाआधी वाडी सोडायला हवी."

भावाने ताट सरकवलं. "गेल्या टायमाला का न्हाई बोललास?"

आक्काने विचारलं, "तुला कवापासनं ठावं हाय?"

"घळीत पहिला डंपर रिकामा झाल्याचं कळलं तेव्हापासून."

तिने ओल्या भिंतीकडे पाहिलं. मग चपला घातल्या.

"ऊठ. दारोदार तूच सांगायचं. मी नुसती घरं दावीन."

पहिल्या दारातल्या म्हाताऱ्याने हात जोडले. "या सर. लय दिवसांनी." मी उंबऱ्याबाहेरच थांबलो. वर कुठूनतरी खडे घरंगळल्याचा आवाज आला, आणि मी बोलायला सुरुवात केली.