साशाभाऊ शेवटपर्यंत जगला

राखोलीच्या कापड कारखान्यातले आम्ही जुने लोक सिल्वासात भेटलो की चहा सांगायच्या आधी साशाभाऊचा किस्सा निघतो. कोणी मुद्दाम काढत नाही हो! एकाने काढला की दुसऱ्याला आठवतोच.

साशा रशियन. तिकडे सिनेमात नट, पुढे डायरेक्टर. नव्वदनंतर त्याचा देश मोडला, स्टुडिओत फर्निचरचं गोडाऊन झालं. थोडं हिंदी यायचं, म्हणून नवे लूम बसवणाऱ्या इंजिनियरांचा दुभाष्या होऊन इकडे आला. इंजिनियर गेले, हा राहिला. मराठी आमच्यातच शिकला.

*

"सिनेमात काय करायचा भो तू?" भिकाने विचारलं. भिका आमचा लूमवाला, धुळ्याकडचा.

"मरायचो," साशा म्हणाला. "युद्धात, पाण्यात, बर्फात. म्हणायचे, तुझा चेहरा मरायलाच चांगला!"

वैतागून तो डायरेक्टर झाला आणि कोणीच मरत नाही असा सिनेमा काढला. वरचे साहेब म्हणाले, "मग सिनेमा संपला हे लोकांना कळणार कसं?" सिनेमा डब्यातच राहिला.

आम्ही पोट धरून हसलो. मग तो म्हणाला, "माझ्या आईने एकही सिनेमा पूर्ण पाहिला नाही. मी मरायच्या आधी उठून बाहेर जायची. एकदा तरी तिने शेवटपर्यंत बसावं."

*

एकदा कँटीनमध्ये त्याने गोळी लागून मरून दाखवलं. असला पडला की कँटीनच्या विमलताई कांदा फोडून धावत आल्या आणि त्याच्या नाकाला लावला. साशाने एक डोळा उघडला. "आज भजी?"

"मेल्या, जिवंत आहेस होय!" ताईंनी कांदा फेकून मारला. भजी मात्र केली.

*

लूम खात्यात इतका आवाज की सगळं बोलणं हातांनी. दोरा तुटला, चहा आला, सुट्टी झाली, सगळ्याला खुणा! त्यामुळे गणपतीच्या नाटकातही भिका संवाद विसरला की हात हलवायचा. नाटक बसवणाऱ्या ऑफिसवाल्यांनी कंटाळून त्याला झाड केलं.

साशाने तालीम पाहिली. "हा झाड? अरे, आमच्या स्टुडिओत असे हात कोणाचे नव्हते!"

त्या वर्षी भिका हिरो झाला. पेढे वाटले गड्याने. आमच्यासारख्यांना एवढं कोणी मोजलं नव्हतं, साशाभाऊचे हे उपकार मी विसरणार नाही.

*

नाटक मी लिहिलं होतं, सिल्वासातून पोर्तुगीज गेले त्या दिवसांवरचं. गोरा एकच, म्हणून पोर्तुगीज कप्तान साशा. शेवटी भिका त्याला गोळी घालतो. खेळाची व्हिडिओ कॅसेट साशा आईला पाठवणार होता.

"म्हणजे माय परत उठून जाईल," भिका म्हणाला.

"गप रे! इतिहास आहे तो." क्लायमॅक्स बदलायला मी काय खुळा?

खेळाच्या दिवशी भिकाने बंदूक रोखली. विंगेत मी गोळीच्या आवाजासाठी सुतळी बॉम्ब घेऊन तयार. भिका गोळी घालेना! "हाण! अरे, हाण ना!" मी ओरडतोय.

भिकाने बंदूक खाली ठेवली. दोन्ही हात डोक्यावर छपरासारखे जोडले, मग दाराकडे बोट केलं. आमच्या खात्यातली खूण: सुट्टी झाली, घरी जा.

साशाने टोपी काढली, स्टेजवरून उतरला आणि प्रेक्षकांमधून चालत गेला. सगळ्या लूमवाल्यांनी डोक्यावर हात जोडले होते. माझ्या क्लायमॅक्सचं वाटोळं! मी आठवडाभर भिकाशी बोललो नाही.

*

कॅसेट गेली. महिन्याभराने साशाने आईला फोन लावला. आम्ही सगळे बूथच्या काचेबाहेर. तो बराच वेळ नुसता ऐकत होता. मग डोळे पुसत, रिसीव्हर हातात तसाच धरून त्याने दार उघडलं.

"बघितली? पूर्ण?" मी विचारलं.

"पूर्ण. आणि विचारते, तो बंदूकवाला मुलगा कोण? किती वाळलाय! त्याला आधी जेवायला घाल म्हणते."

भिकाने रिसीव्हर मागून घेतला. रशियन त्याला ओ की ठो कळत नव्हतं. मीटर पळतोय, पलीकडून म्हातारी बोलतेय, आणि आमचा भिका काचेआड उभा राहून पोटावरून हात फिरवून खुणेनं सांगतोय, जेवलो, माय, जेवलो!