सरळ शेठकडे

मागावरच्या सुताच्या कांड्या भरण्यापासून सुरुवात करून मी भिवंडीजवळ शेलार गावात स्वतःचे लूम टाकले. धंद्यात एक नियम कधी मोडला नाही. भाव मुनीमाशी बोलायचा नाही, सरळ शेठकडे जायचं. मुनीमाला ‘नाही’ म्हणायचाच पगार असतो.

त्या नियमाने माझं दीड वर्ष खाल्लं.

कारखान्याच्या दारात सुताचा टेम्पो रिकामा होत होता. हवालदार म्हणाला, टेम्पो हलवा. मी म्हणालो, दहा मिनिटं. माझा आवाज चढला, हे नाकारत नाही. त्याने माझ्या कानाखाली वाजवली. दारात माझे पाच-सहा कारागीर उभे होते. ते खाली बघत आत गेले.

पोलीस ठाण्यात अंमलदाराने चहा पाजला. “शेठ, एवढ्याची कुठे तक्रार लिहितात?”

मला तेवढंच हवं होतं. मला मारलं, हे सरकारी कागदावर कुठेतरी असावं.

ठाणे शहरातल्या एक वकीलबाई म्हणाल्या, “आधी वरिष्ठांना लेखी अर्ज. तिथे ऐकलं नाही तर भिवंडीच्याच मॅजिस्ट्रेटसमोर तक्रार.”

“ते सगळे मुनीम, बाई. शेठ कुठे बसतो ते सांगा.”

“हायकोर्टात. पण काका, ते तुम्हाला खालीच पाठवतील.”

मी टेबलावर हात आपटला. बाईंनी सुस्कारा सोडला आणि रिट याचिका केली.

तारखांवर तारखा पडल्या. आमचा नंबर आला तेव्हा न्यायाधीशांनी कागद चाळून विचारलं, “कायद्याने दिलेला दुसरा मार्ग आहे. तो का नाही वापरला?”

बाई बोलायच्या आत मीच उभा राहिलो. “साहेब, शिक्षा राहू द्या. मारलं एवढंच लिहा.”

बाईंनी माझी बाही ओढली. न्यायाधीश मात्र रागावले नाहीत. “पोलीस म्हणतात मारलं नाही, तुम्ही म्हणता मारलं. खरं काय ते साक्षीदार तपासून ठरेल आणि ते काम इथे होत नाही. तुम्हाला साक्षीदार आहेत?”

मी खाली बसलो. याचिका मागे घेतली. खाली दाद मागायची मुभा त्यांनी लिहून दिली. आयुष्यात पहिल्यांदा शेठने मला मुनीमाकडे पाठवलं. त्याचा राग अजून आहे.

साक्षीदार होते, पण त्या दिवसापासून कारखान्यात त्या थपडेबद्दल मी अवाक्षर काढलं नव्हतं. मुंबईच्या खेपा घालणं त्यापेक्षा सोपं होतं.

सर्वांत जुना कारागीर उत्तर प्रदेशचा. त्याचा लूम बंद करायला लावून मी विचारलं, “उस दिन का याद है?”

“याद है, सेठ. आपने पूछा ही नहीं.”

“कोर्ट में बोलेगा?”

“बोलूँगा. ड्युटी लगेगी ना उस दिन की?”

“लगेगी. आधे दिन की.”

“सेठ, थप्पड़ पूरा देखा था.”

मागे कोणीतरी हसलं. मलाही हसू आलं. पूर्ण शिफ्टची मजुरी कबूल केली.

आधी वरिष्ठांना अर्ज दिला. उत्तर आलं नाही, तेव्हा भिवंडीच्या कोर्टात तक्रार केली. माझा आणि त्याचा जबाब शपथेवर झाला. पुढे काय होईल ते मॅजिस्ट्रेट ठरवतील. तो हवालदार अजून नाक्यावर दिसतो.

जबाब झाला त्या दिवशी कोर्टाच्या टंकलेखकाने माझ्या जबाबाचा कागद सहीसाठी पुढे केला. चौथ्या ओळीत लिहिलं होतं, कामगारांसमोर थप्पड मारली. मी ती ओळ दोनदा वाचली आणि सही केली.