इनामगावची थप्पड

शिरूरच्या समुपदेशन केंद्रात काल शिक्रापूरची एक बाई आली. सुजलेल्या गालाला तिनं खोबरेल तेल चोळलं होतं. त्या वासानं मी एकदम इनामगावच्या नदीकाठी गेले, बावीस वर्षांची झाले.

तेव्हा मी सिनेमात काम करायचे. गावच्या पुढाऱ्यांच्या जुलमावरचे, सेन्सॉरच्या परवानगीशिवाय, लपूनछपून काढलेले आणि बंद खोल्यांत दाखवलेले सिनेमे. त्या दिवशी आम्ही घोड नदीच्या तापलेल्या वाळूत उभे होतो. सरपंच मजुरणीला थप्पड मारतो, एवढाच प्रसंग होता. दिग्दर्शकाला आम्ही दादा म्हणायचो. "हात गालाजवळ थांबंल, तू घाबरू नको," असं दादांनी मला सांगितलं होतं. सरपंच झालेल्या नटाला मात्र त्यांनी गुपचूप खरंच मारायला सांगितलं. माझा कान बधिर झाला, डोळे भरले. "हेच रडू पाहिजे होतं," दादा म्हणाले आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. तेलानं मेकअप पुसताना गाल चुरचुरत होता, तरी मला अभिमान वाटत होता.

पुढं समुपदेशक झाले. "माझ्या भल्यासाठीच मारलं म्हणतो," हे कितीतरी बायकांच्या तोंडून ऐकताना त्या अभिमानाचा संताप झाला.

मागच्या महिन्यात दादांनी तो सिनेमा दौंडला दाखवला आणि मला मंचावर बोलावलं. मी माइक घेऊन त्या थपडेची खरी हकिकत सांगितली.

"सगळ्यांसमोर बोलायची गरज होती का?" बाहेर आल्यावर दादांनी विचारलं. त्यांचा आवाज कापत होता आणि मला ते आवडलं.

"तुम्ही पण सगळ्यांसमोरच मारायला लावलं होतं, दादा."