टेप बंद केला तेव्हा

पेटीशिवाय मला एका जागी बसवत नाही, हे आमच्या अमरावतीच्या घरात सगळ्यांना ठाऊक होतं. बाबा वकील. माझीही वकिलीची परीक्षा झाली होती, पण कोर्टाचं नाव काढलं की माझ्या अंगावर काटा यायचा. दिवसभर पेटी कुटायची, चाली बांधायच्या आणि मोडायच्या, एवढंच सुचे. त्यातच अंजनगाव सुर्जीच्या एका ड्रॉइंग मास्तरानं कुणाच्या दारात पैसे मागायला न जाता, कापसाच्या जिनिंगमध्ये राबणाऱ्या बायांवर तासाभराचा सिनेमा काढला आणि संगीत माझ्या गळ्यात मारलं. चित्र मुकं होतं. संगीत टेपवर वेगळं वाजवायचं होतं. शाळेच्या प्रोजेक्टरवर प्रसंग पुन्हापुन्हा बघून मी चाली बेतल्या. बाबांची अट एकच: मुंबईच्या वितरकाला तुझं काम पटलं तर ठीक, नाहीतर सोमवारपासून काळा कोट.

अकोल्याच्या एका थिएटरात सकाळचा खेळ ठेवला. पुढे वितरक, त्यांच्या मागे बाबा, बाकी सगळ्या जिनातल्या बाया. मी टेपजवळ उभाच. आमचा शहाणपणा असा की प्रोजेक्टर थिएटरच्या जनरेटरवर लावला आणि टेप गावच्या विजेच्या लाइनीवर. लाइन मंदावली तसा टेप रेंगाळला, बासरी आजाऱ्यासारखी कण्हू लागली आणि चित्र पुढे निघून गेलं. पडद्यावर एक बाई झोळीत निजलेल्या लेकराच्या तोंडावरचा कापूस वेचत होती, आणि माझी ढोलकी अजून आधीच्या प्रसंगातल्या मुकादमाच्या फजितीवरच घुमत होती. लोक हसले.

"काहून हसून राहिले हे?" मास्तर रडवेला झाला.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी रागानं बटन दाबून टेप बंद केला.

आता नुसती प्रोजेक्टरची खडखड उरली. ती थेट जिनातल्या यंत्रांसारखीच होती. हसू थांबलं. एका बाईनं डोळ्यांना पदर लावला, मग दुसरीनं. टेप पुढे सरकवून योग्य जागेवर आणायला मला वेळ लागला नाही. हात बटनाकडे गेलाही. पण मी तो मागे घेतला. ती बाई पडद्यावरून जाईपर्यंत मी काहीच वाजवलं नाही.

खेळानंतर वितरक मास्तराला म्हणाले, "चित्र घेतो. संगीत मात्र मुंबईत नव्यानं करून घेऊ. फक्त त्या लेकराच्या प्रसंगात काही घालू नका. तो आहे तसाच हवा."

मास्तरानं माझ्याकडे बघायचं टाळलं. बाबा मला बाजूला घेऊन, जरा हळुवारपणेच म्हणाले, "पाह्यलं न बाबू? तुयं त्याच्यात काईच नाई राह्यलं."

इतका राग आणि इतका आनंद मला एकदम कधी झाला नव्हता.

"राह्यलं, बाबा," मी म्हणालो. "जे त्याईनं ठेवलं, तेच मायं हाय."