छाटलेली शांतता

तिला घरीदारी सगळे कानसेन म्हणायचे. लघुपटांसाठी आवाज तयार करणं हे तिचं काम. पडद्यावर नटी धाडकन पडली की समजावं, इकडे कानसेननं ओला टॉवेल आपटलाय. दुपारी पडदे ओढून, डोळे मिटून ती बसली की सगळं घर पाण्याखाली गेल्यासारखं व्हायचं. फ्रिजची गुणगुण, नळाचा थेंब, लांब कुठेतरी चमच्याची किणकिण.

या वेळचा लघुपट भाच्याचा. एक बाई दाराआड उभी आहे आणि जिन्यावरून कुणीतरी वर येतंय, एवढीच गोष्ट. पावलं बाबांची. ते रोज चारला पेपर घेऊन तीन मजले चढत. कानसेननं आठवडाभर दारात माइक लावला होता.

भाच्यानं ऐकलं आणि नाक मुरडलं. "मावशी, आजोबा नुसते घरी येतायत. भीती कुठाय यात?"

"मग भूत आणू?"

"नको गं. मधेच थांबू दे त्यांना. पावलं थांबली की जीव टांगणीला लागतो."

"थांबले असतील. रिकामी जागा दिसली की मी छाटूनच टाकते. हाताला खोडच आहे."

तिनं न छाटलेलं ध्वनिमुद्रण उघडलं. सोमवारी दुसऱ्या मजल्यावर बाबा पाच सेकंद थांबले होते. बुधवारी अकरा. शनिवारी सव्वीस, आणि त्या शांततेच्या तळाशी जुनं कापड टरकावं तसा श्वास.

"हेच हवं होतं," भाचा म्हणाला. मग मावशीचा चेहरा बघून त्यानं ध्वनिमुद्रण बंद केलं.

खाली फाटक वाजलं. कानसेन अनवाणीच उतरली आणि दुसऱ्या मजल्याच्या पायरीवर बसली. बाबा आले, कठडा धरून.

"इथे काय करतेस?"

"तुमची वाट बघतेय. बसा."

"मी काय दमलोय का?"

"सव्वीस सेकंद, बाबा."

ते बसले. मांडीवरचा पेपर त्यांच्या श्वासाबरोबर हलत होता.

"तुझ्या कानांपासून काही लपत नाही."

"लपलं होतं. मीच कापून टाकत होते. उद्या डॉक्टरकडे जायचं."

"परवा बघू."

"उद्या."

जिन्याच्या खिडकीतून आलेलं ऊन त्यांच्या पावलांवर येऊन थांबलं होतं.

"बरं, उद्या," बाबा म्हणाले. "त्या सिनेमात मी शेवटी घरी पोचतो ना?"

"सावकाश," ती म्हणाली आणि हात पुढे केला.