चढावरचा थांबा

फोन सकाळी आला आणि मी तो फसवणुकीचा समजलो. बाई रडत होती, "सर, हे गेले हो" यापलीकडे बोलत नव्हती. हल्ली अपघात झालाय, पोलिसांनी पकडलंय असं सांगून लोकांना लुटतात. माझे डोळे गेल्यापासून तर मी समोरच्याच्या नमस्कारावरही आधी शंका घेतो. "कोण बोलतंय? नाव सांगा आधी," मी दरडावलं. पलीकडून हुंदका, आणि मग... "मनीषा देवरे. शिरीषची मिसेस." तरीही खात्री करावी म्हणून मी तो फोन ठेवला आणि शिरीषच्या नंबरवर लावला. तोही तिनेच उचलला. पन्नाशीही न गाठलेला माणूस झोपेतच हृदय बंद पडून गेला होता.

शिरीष देवरे मूळचा सटाण्याचा, इथल्या एका इंजिनिअरिंग कॉलेजात कॉम्प्युटर शिकवायचा. ज्यांना दिसत नाही, ऐकू येत नाही, त्यांना अंगावर घालून फिरता येतील अशी यंत्रं बनवणं हा त्याचा ध्यास. मी इतिहासाचा निवृत्त प्राध्यापक. डोळ्यांच्या पडद्याच्या आजाराने नोकरीत असतानाच माझी दृष्टी गेली. तो पहिल्यांदा आमच्या पंचवटीतल्या घरी आला तेव्हा मी त्याला दारातच विचारलं, "फोटो कुठे छापणार?" अंधांना काहीतरी वाटप करायचं आणि फोटोसाठी शेजारी उभं राहून हसायचं, अशी पुष्कळ माणसं मी अनुभवली होती. तो म्हणाला, "सर, फोटो नको. तुम्हाला कुठे एकट्याला जायचंय ते सांगा." मी म्हटलं, नदीकडच्या भाजीबाजारात. जायचं, भाजी घ्यायची, चढ चढून परत यायचं, आणि या सगळ्यात सुनंदाने माझा दंड धरायचा नाही. सुनंदा म्हणजे माझी बायको. तिचा राग नव्हता. पण साठीच्या माणसाला स्वतःच्या मनाने कोथिंबिरीची जुडी निवडता येऊ नये याची मला चीड यायची. दुसरं काही मला त्याच्याकडून नको होतं.

त्याने आधी बूट बनवले. अडथळा आला की तळव्याला थरथर जाणवायची. पंचवटीत बूट! इथे पावलापावलाला देऊळ, प्रत्येक दारात पायातलं काढायचं. आठवडाही झाला नाही आणि ते बूट एका देवळाबाहेरून चोरीला गेले. शिरीष पोट धरून हसला. "चोराला तरी उपयोग होईल, सर. रात्रीचं फिरावं लागतं बिचाऱ्याला." मग पट्टा आला. पहिला कातड्याचा, तो पाहून गुरुजींनी मला गाभाऱ्याबाहेर काढलं. शेवटी जाड कापडाचा शिवला. त्याच्या बकलात छोटा कॅमेरा. डावीकडे अडथळा असेल तर डाव्या कुशीला थरथर, उजवीकडे असेल तर उजव्या. दोन्हीकडे एकदम झाली की थांबायचं.

पट्टा फार शहाणा निघाला, आणि तिथेच मला वास आला. गर्दीतून येणारी माणसं तो सोडून द्यायचा, पण गाय मात्र लांबूनच सांगायचा. यंत्राला एवढी अक्कल? शिरीष सरावासाठी दोन पावलं मागे चालायचा. एकदा त्याला कुणी ओळखीचं भेटलं, तो गप्पांत रमला आणि पट्टा मुका झाला. मी थेट टोमॅटोच्या क्रेटवर. "तू चालवतोयस हे!" मी भर बाजारात ओरडलो. त्याने नाकारलं नाही. "हो सर. मोबाईलवरून मीच बटणं दाबतो. यंत्राला अजून कळत नाही कधी बोलायचं ते. म्हणून आधी त्याचं काम मी हाताने करायचं, आणि त्याने ते बघून शिकायचं. आम्ही असंच करतो." मला ती शुद्ध बनवाबनवी वाटली. चार दिवस मी त्याच्याशी बोललो नाही. पाचव्या दिवशी तो चहाच्या वेळेला आला, जणू काही झालंच नव्हतं, आणि आम्ही पुन्हा चालू लागलो.

पुढे बरेच महिने गेल्यावर तो म्हणाला, "आता मी काही दाबत नाही." मी कसला विश्वास ठेवतोय! "दोन्ही हात माझ्या खांद्यावर ठेव आणि चाल," मी फर्मावलं. पोरांच्या आगगाडीसारखे आम्ही दोघे बाजारातून निघालो. लोक हसत होते. पट्टा खरोखर आपला आपण बोलत होता! परतताना चढाच्या मध्यावर मात्र दोन्ही कुशींना एकदम थरथर झाली. सरावात इथे अशी थरथर झाली की गर्दी असेल म्हणून मी नुसता थांबायचो. आज काठी फिरवून पाहिली, पुढे मोकळा रस्ता. "इथे काय आहे?" "गाय होती सर, गेली." खांद्यावरचे त्याचे हात तेव्हा जड झाले होते. मला वाटलं, मुद्दाम लोंबकळतोय.

ती गाय मग रोजचीच झाली. दुसऱ्या दिवशी तिथेच थरथर, तिसऱ्या दिवशीही. मी चिडायचो. जो पट्टा नसलेलं दाखवतो, तो उद्या असलेलं लपवणार नाही कशावरून? "हे दुरुस्त कर, नाहीतर मी एकटा जाणार नाही," मी बजावलं होतं. तो "बघतो" म्हणायचा. खरं सांगतो, तो काहीतरी लपवतोय हा माझा संशय कधीच गेला नाही.

तो गेल्यावर सुनंदाने पट्टा कपाटात ठेवला. आता बिघडला तर कोण बघणार, असं तिचं म्हणणं. मी तीन आठवडे ऐकलं. मग एका सकाळी पट्टा बांधला आणि निघालो, पहिल्यांदाच अगदी एकटा. बाजार झाला. कोथिंबीर मी निवडली. परतताना चढावर नेमकी तीच थरथर. तिथे हिराबाई भाजी घेऊन बसते. मी तिलाच विचारलं, "इथं रोज काय असतं गं?"

"इथं काय बी नाय, सर," ती म्हणाली. "ते तुमच्या मागनं यायचे ना, ते इथं खांबाला धरून उभे राहायचे. छातीवर हात. लय धाप लागायची त्यांना. मला खुणवायचे, सांगू नको म्हणून."

मी घरी येऊन मनीषाला फोन केला. ती म्हणाली, डॉक्टरांनी चढ बंद सांगितला होता. "मी म्हटलं होतं, सरांना सांगा. तर म्हणाले, सर पट्टाच काढून ठेवतील."

म्हणजे सरावाच्या त्या सगळ्या महिन्यांत, इथे आलं की त्याला दम लागायचा आणि तो बटण दाबून मला थांबवायचा. श्वास परत आला की सोडायचा. आणि पट्टा बिचारा प्रामाणिकपणे शिकला, की या चढावर, या जागी, थांबायचं असतं. गाय कधी नव्हतीच. माझा संशय बरोबर होता. बरोबर असल्याचं इतकं दुःख मला आयुष्यात कधी झालं नव्हतं.

परवा त्याच्या कॉलेजातले एक सहकारी पट्टा तपासायला आले. म्हणाले, चढावर एक चूक सापडलीय, काढून टाकतो. मी नको म्हटलं. माझ्या वयाला तिथे थांबायची गरज पडते, असं कारण दिलं, जे खोटं आहे. मी अजून दमत नाही.

आज सकाळीही दोन्ही कुशींना थरथर झाली. मी काठी खांबाला टेकवली, मागे वळलो नाही. "सावकाश," म्हटलं, "घाई नाही मला."